भिंतीवरचा सुविचार आणि वहीतला शेरा

प्रश्न थोडक्यात असा : बार्शीकडचे एक तरुण शिक्षक सोलापूरच्या पूर्व भागातल्या एका शाळेत चौथीच्या वर्गावर रुजू झालेत. निम्म्याहून जास्त मुलं तेलुगू घरातली, काही कन्नड, दोन-तीन उर्दू. दिवाळीच्या सुट्टीत वर्गखोल्या रंगवायच्या आहेत आणि मुख्याध्यापकांनी त्यांना ‘शिकणं-शिकवणं या विषयावर पन्नासेक प्रेरणादायी सुविचार काढून द्या’ असं सांगितलंय. ते विचारतात, कोणते निवडू? आणि परिपाठात रोज सुविचार होतो, पण मुलांवर त्याचा काही परिणाम दिसत नाही, तो कसा व्हावा?

सर, पन्नास काही मी देणार नाही. इतकी वाक्यं एका खोलीत मावतील, मुलांच्या डोक्यात मावायची नाहीत. तुमच्या दोन प्रश्नांपैकी खरा प्रश्न दुसरा आहे. त्याचं उत्तर सापडलं की पहिला आपोआप लहान होतो.

आधी भिंतीचं बघू. ऑइल पेंटनं लिहिलेलं वाक्य दहा वर्षं तिथंच राहतं. मूल पहिल्या आठवड्यात ते अक्षर लावून वाचतं, महिनाभरानं त्याला ते दिसेनासं होतं. आपल्याकडे पेंटर सुविचार लिहितो तोही स्लॅबच्या खाली, खिडकीच्या वर. तिथं मुलांची नजर जात नाही, शाळा बघायला येणाऱ्या केंद्रप्रमुखांची जाते. कुणासाठी लिहिलंय ते उंचीवरूनच कळतं.

गच्च भरलेल्या भिंतींचा तोटाही असतो. अमेरिकेतल्या कार्नेगी मेलन विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१४ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. बालवाडीच्या वयाच्या २४ मुलांना विज्ञानाचे काही पाठ तक्त्याचित्रांनी भरलेल्या खोलीत शिकवले, काही पाठ जवळजवळ मोकळ्या भिंतींच्या खोलीत. भरलेल्या खोलीत मुलांचं लक्ष जास्त वेळ इकडंतिकडं गेलं आणि चाचणीतही ती मागं पडली. मुलं थोडी होती आणि वयानं तुमच्या मुलांपेक्षा लहान होती, त्यामुळं तो आकडा घेऊन मुख्याध्यापकांशी वाद घालायला जाऊ नका. पण फळ्याची भिंत मोकळी ठेवा, एवढं मात्र धरून बसा. फळ्यावर भागाकार चालू असताना शेजारी पिवळ्या रंगात गरुडझेप कशाला?

आता कोणतं वाक्य घ्यायचं ते. माझी कसोटी साधी आहे. वाक्य वाचून दहा वर्षांच्या मुलाला ‘हे माझ्या बाबतीत कधी घडलं’ ते सांगता आलं पाहिजे. ‘यशाच्या शिखरावर जाण्यासाठी अपयशाच्या पायऱ्या चढाव्या लागतात’ हे वाक्य घेऊन वर्गात विचारा, शिखर कुणी पाहिलंय? हात वर होतील आणि उत्तर येईल, सिद्धेश्वराच्या देवळाचं. बरोबरच आहे त्यांचं. मोठ्यांच्या सभेतलं वाक्य आहे ते, मुलांना त्यात पाय ठेवायला जागा नाही. ‘ज्ञान हीच शक्ती’, ‘वेळ अमूल्य आहे’, ‘स्वप्नं मोठी पाहा’ ही सगळी त्याच जातीची. खोटी नाहीत, पण धरायला कडी नाही.

याउलट तुकोबांचं घ्या. ‘असाध्य ते साध्य करिता सायास, कारण अभ्यास तुका म्हणे’ हे प्रत्येक शाळेत असतं. पण ही त्या अभंगाची शेवटची ओळ आहे, आणि मुलांना पकडणाऱ्या ओळी तिच्या आधी आहेत :

साधुनी बचनाग खाती तोळा तोळा । आणिकातें डोळां न पाहवे ॥
साधुनी भुजंग धरितील हातीं । आणिकें कापती देखोनियां ॥
असाध्य तें साध्य करितां सायास । कारण अभ्यास तुका म्हणे ॥

बचनाग म्हणजे जहाल विष. सवयीनं ते पचवणारे तोळ्यातोळ्यानं खातात, दुसऱ्यांना नुसतं बघवतही नाही. सरावलेला माणूस साप हातात धरतो, बाकीचे बघूनच कापतात. हे सांगितलं की वर्गात चुळबूळ सुरू होते. कुणाच्या गल्लीत साप निघालेला असतो, कुणाच्या मामानं सर्पमित्र बोलावलेला असतो. दहा मिनिटं ती बोलू द्यावीत आणि मग तिसरी ओळ फळ्यावर लिहावी. आता ती ओळ कुठून आली ते मुलांना माहीत असतं. (बचनाग घरी करून बघायचा विषय नाही हेही बजावा. चौथीची मुलं आहेत.)

तुमच्या वर्गाचं खरं भाग्य याच्या पुढं आहे. तेलुगू घरातल्या मुलांना विचारा, वेमना या तेलुगू संतकवीचं पद्य कुणाच्या आजीला येतं? एखादी मुलगी उठेलच :

अनगननग रागमतिशयिल्लुचुनुंडु
तिनग तिनग वेमु तिय्यनुंडु
साधनमुन पनुलु समकूरु धरलोन
विश्वदाभिराम विनुर वेम

गात गात राग खुलत जातो, खात खात कडुनिंबही गोड लागतो, साधनेनं जगातली कामं तडीस जातात, ऐक रे वेमा. तुकोबांचा बचनाग आणि वेमनाचा कडुनिंब. दोन भाषांतल्या दोन कवींनी कडू-विषारी गोष्टीच उचलल्या आणि दोघांनीही सांगितलं तेच, सराव. माझ्या वर्गात मराठीच्या तासाला मान खाली घालून बसणारी एक मुलगी होती. वाचायला उभी केली की दुपट्ट्याचं टोक चावायची. तिनं हे चारही चरण एका दमात म्हणून दाखवले, चालीवर. वर्ग तिच्याकडं बघतच राहिला. मी तिला फळ्यापाशी बोलावलं आणि मराठी अर्थ तिलाच सांगायला लावला. अडली तिथं बाकीच्या तेलुगू मुलांनी शब्द पुरवले. ‘वेमु म्हणजे लिंब, बाई, लिंबाचा पाला!’ त्या दिवसापासून ती मराठीत फार बोलायला लागली असं नाही. पण वाचायला उभं राहताना तिनं दुपट्टा तोंडात घालणं सोडलं.

तुमच्या पन्नासातली पहिली दोन वाक्यं म्हणून हीच घ्या. तुकोबा आणि वेमना एकाखाली एक लिहा. वेमनाच्या ओळी देवनागरीत आणि शेजारी तेलुगू लिपीत. ती लिपी पेंटरला येणार नाही, एखाद्या पालकाला येईल. त्यांना शाळेत बोलवा आणि त्यांच्याच हातानं लिहून घ्या. पालकसभेला सहसा न येणारा बाप त्या कामाला येतो. आपल्या भाषेचं अक्षर पोराच्या शाळेच्या भिंतीवर चढतंय ही काही लहान गोष्ट नाही. कन्नड मुलांकडून ‘कै केसरादरे बायि मोसरु’ मिळेल. हात चिखलानं माखले तर तोंडाला दही. शेतातून आलेल्या घरांत ती म्हण अजून रोजच्या बोलण्यात आहे. उर्दू घरातल्या मुलांनाही घरून आणायला सांगा, त्यांच्या आज्ज्याही काही गप्प बसणाऱ्या नसतात.

याच ओघात एक गोष्ट मुलांना जरूर सांगा. ‘भारत माझा देश आहे’ ही प्रतिज्ञा आपण रोज म्हणतो, पाठ्यपुस्तकाच्या सुरुवातीलाच ती छापलेली असते. ती मुळात तेलुगूत लिहिली गेली. पैडिमर्री वेंकट सुब्बाराव नावाच्या सरकारी अधिकाऱ्यानं १९६२ साली, विशाखापट्टणमला कोषागारात नोकरीला असताना. हे पहिल्यांदा सांगितलं की तेलुगू मुलं एकमेकांकडं बघतात आणि मराठी मुलं त्यांच्याकडं. घरची भाषा म्हणजे शाळेतली अडचण, असं त्या मुलांना न सांगताही कळलेलं असतं. तो समज घालवायला कुठल्याही सुविचारापेक्षा ही एक माहिती जास्त कामाला येते.

एक उपक्रम सुचवते. तो माझ्या वर्गात सगळ्यात जास्त चालला. मुलांना घरी एकच प्रश्न विचारायला सांगायचा : ‘तुम्ही तुमचं काम पहिल्यांदा शिकत होता तेव्हा शिकवणाऱ्यानं तुम्हाला काय सांगितलं होतं?’ पूर्व भागातली घरं म्हणजे बाप यंत्रमागावर, आई विड्या वळते, काका रिक्षावर, मावशी शिवणकामात. उत्तरं अशी आली की मी ती फळ्यावर उतरवून घेतली. विड्या वळणाऱ्या आईचं : ‘पान आधी भिजव, कोरडं पान फाटतं.’ रिक्षावाल्या काकाचं : ‘पहिला महिना रिकामी गाडी चालव, मग माणूस बसव.’ भाकरी थापणाऱ्या एका आजीचं तर भलतंच होतं : ‘पहिल्या चार भाकरी कुत्र्याच्या, पाचवी आपली.’ आणि मागावरच्या एका बापाचं : ‘धागा तुटला की माग थांबव. पुढं रेटू नको.’

हे शेवटचं वाक्य त्या वर्षी आमच्या वर्गाचं झालं. त्याचं कारण पोरानंच सांगितलं. धागा तुटलेला तसाच ठेवून माग चालवला तर टॉवेलात शेवटपर्यंत रेघ पडते आणि माल सेकंडमध्ये, म्हणजे हलक्या प्रतीत, जातो. वेळीच थांबून गाठ मारली तर फार तर दोन मिनिटं जातात. मग गणिताच्या तासाला हातचा विसरला, वजाबाकी पुढं चुकतच गेली की शेजारचं पोरगं म्हणायचं, ‘धागा तुटलाय बे, थांब की.’ मी एकदाही समजावून सांगितलं नाही. शिकण्याबद्दल इतकं नेमकं वाक्य मला कुठल्या संग्रहात मिळालं असतं? त्या वाक्याच्या खाली आम्ही त्या पालकाचं नाव लिहिलं, थोरामोठ्यांचं लिहितात तसंच.

नावाचा विषय निघालाच आहे तर तोही सांगते. व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या सुविचारांखाली विवेकानंद, कलाम, आईन्स्टाईन, डॉ. आंबेडकर अशी नावं कुणीही चिकटवतो. ते वाक्य त्यांच्या कुठल्या भाषणात, कुठल्या पुस्तकात आहे हे तुम्हाला दाखवता येत नसेल तर वाक्य हवं तर घ्या, नाव घालू नका. मुलांना आपण ‘कुठं वाचलंस ते सांग’ म्हणतो, मग भिंतीलाही तोच नियम हवा.

आणि जे घ्याल ते अख्खं घ्या. महात्मा फुल्यांचं ‘विद्येविना मति गेली’ किती शाळांत अर्धवट रंगवलंय! मति, नीति, गति, वित्त इथवर येतात आणि ‘वित्ताविना शूद्र खचले’ गाळून एकदम ‘इतके अनर्थ एका अविद्येने केले’ वर उडी मारतात. १८८३ च्या ‘शेतकऱ्याचा असूड’मधल्या त्या ओळींचा सगळा रोख त्या गाळलेल्या शब्दांत आहे. कोण खचलं हे सांगायलाच त्या लिहिल्या गेल्या. चौथीला हे समजावणं जड जाईल, तर चौथीत लावू नका. सातवीच्या वर्गात पूर्ण लावा आणि त्यावर एक तास बोला. अवघड शब्द पुसून गुळगुळीत केलेले फुले कुणाच्याच कामाचे नाहीत.

आता तुमच्या दुसऱ्या प्रश्नाकडं येते. परिपाठातला सुविचार लागू का पडत नाही? कारण तो कुणालाच उद्देशून नसतो. राष्ट्रगीत, प्रतिज्ञा, प्रार्थना, पंचांग, सुविचार, दिनविशेष, बोधकथा असा तो डबा ठरलेल्या रुळावरून जातो. सुविचार म्हणणारा मुलगा आदल्या रात्री बहिणीच्या वहीतून एक ओळ उतरवून आणतो. ऐकणारे पुढच्याच्या पाठीवर बोटानं चित्र काढत असतात. माणसाला लागणारा शब्द त्याच्या कामाबद्दल असतो आणि काम हातात असताना आलेला असतो. वर्गात अशा शब्दाच्या जागा दोन. वहीतला शेरा, आणि मूल अडतं त्या क्षणी तुमच्या तोंडून निघणारं वाक्य. भिंतीवर तुम्ही जेवढा विचार करताय त्याच्या दुप्पट या दोन जागांवर करा.

शेऱ्याचं बघा. ‘छान’, ‘उत्तम’, ‘अक्षर सुधारा’, ‘प्रगती समाधानकारक’. यातून मुलाला काय कळतं? काहीच नाही, फक्त बाईंनी वही पाहिली एवढं कळतं. समजा मुलानं ४०८ ला ४ ने भागून उत्तर १२ काढलंय. लाल शाईची फुली मारली की तो १०२ उतरवून घेईल आणि पुढच्या आठवड्यात ६१२ ला ६ ने भागून पुन्हा १२ च आणेल. त्याऐवजी मी असं लिहायचे : ‘पहिली पायरी बरोबर. आता १२ ला ४ ने गुण. ४०८ येतात का बघ. दशकाच्या घरात काय झालं ते मला सांग.’ मूल गुणतं, ४८ येतात, डोळे मोठे होतात. शून्य कुठं हरवला ते त्याचं त्यालाच सापडतं. दुसऱ्या दिवशी वही घेऊन येतं तेव्हा तोंडावर जे असतं ते कुठल्या सुविचारानं आलं नसतं. प्रेरणा म्हणतात ती हीच, आपली चूक आपल्याला सापडू शकते हे कळणं.

तीसेक वह्यांत रोज इतकं लिहायला वेळ कुठं, हे तुम्ही विचारणारच. रोज नको. रोज पाच वह्यांत नीट लिहा, बाकीच्यांवर नुसती सही. आठवड्यात सगळ्यांची पाळी येते. भाषेच्या वहीतही हेच. ‘निबंध छान’ ऐवजी ‘गड्ड्याच्या जत्रेतला पाळणा वर गेल्यावर पोटात गोळा आला, हे तुझं वाक्य मी दोनदा वाचलं’ असं लिहा. नेमकं वाक्य उचलून दाखवलं की मुलाला कळतं, चांगलं लिहिणं म्हणजे काय. पुढच्या निबंधात तो तसलंच आणखी एक आणतो.

‘हुशार’ हा शब्द मात्र जपून वापरा. क्लॉडिया म्यूलर आणि कॅरल ड्वेक या दोन मानसशास्त्रज्ञांनी १९९८ साली पाचवीच्या वयाच्या मुलांवरचे प्रयोग प्रसिद्ध केले. काही प्रश्न सोडवून झाल्यावर काही मुलांना ‘तू हुशार आहेस’ म्हटलं, काहींना ‘तू मेहनत घेतलीस’. नंतर मुद्दाम अवघड प्रश्न दिले. ते जमले नाहीत तेव्हा ‘हुशार’ म्हटलेल्या मुलांचा उत्साह जास्त घसरला, पुढच्या सोप्या प्रश्नांतही ती मागं पडली, आणि आपले गुण दुसऱ्यांना सांगताना त्यांच्यातल्या बऱ्याच जणांनी वाढवून सांगितले. हुशार हा शिक्का एकदा बसला की तो जाईल याची भीती बसते. या संशोधनाचं पुढं जगभर फार स्तोम माजलं, त्याचेही तक्ते निघाले, आणि नंतरच्या मोठ्या अभ्यासांत त्यावर बेतलेल्या शाळांतल्या कार्यक्रमांचा परिणाम सरासरीनं लहानच दिसला. त्यामुळं ‘मेहनत’ हा जादूचा शब्द समजून ज्यानं मेहनत घेतलीच नाही त्यालाही शाबासकी देऊ नका. पोरांना ते लगेच कळतं. कौतुक करताना जे डोळ्यांनी दिसलं तेवढंच बोला : ‘तू आज पाढा अडला तिथं मागं जाऊन पुन्हा सुरू केलास.’ बास. विशेषणाची गरज नाही.

मूल अडलेलं असताना काय बोलावं? माझ्या तोंडात बसलेली काही वाक्यं देते, सुविचार म्हणून हीच घ्या हवी तर. ‘कुठपर्यंत आलंय ते दाखव.’ याचा उपयोग असा की ‘येत नाही’ म्हणणाऱ्या मुलालाही काहीतरी आलेलं असतंच, ते आधी बाहेर येतं. ‘दुसऱ्या कुठल्या रस्त्यानं जाता येईल का?’ हे गणितात चांगलं. ‘तुझ्या भाषेत सांग, मग आपण मराठीत घेऊ.’ हे तुमच्या वर्गासाठी तर रोजचं ठेवा. आणि एक सोलापुरी : ‘बघ की, काल हितंच अडला होतास, आज फुडं गेलास.’ प्रमाण मराठीत हे म्हणून बघा, फुस्स होतं. पुस्तकातली भाषा शिकवायचीच आहे, पण पाठीवर हात ठेवताना पोरांच्या बोलीतच ठेवावा.

काय बोलू नये हेही तितकंच. ‘इतकं सोपं आहे, एवढंही येत नाही?’ हे बोलणाऱ्याला धीर दिल्यासारखं वाटतं, पण मूल ऐकतं ते असं की सोपं असूनही मला येत नाही, म्हणजे माझ्यातच खोट आहे. ‘अवघड आहे, सावकाश कर’ म्हणा. थोरल्या बहिणीशी तुलना नको, मग ती कौतुकाची का असेना. आणि ‘ढ’ वगैरे तर सोडाच. शिक्षणहक्क कायदा, २००९ च्या कलम १७ नं छडीबरोबर मानसिक छळालाही मनाई केली आहे. आमच्या पिढीतल्या पुष्कळांना छडी सोडता आली, जीभ सोडता आली नाही.

दिनविशेषाचाही उपयोग करून घ्या. दुसऱ्याच्या तोंडची ओळ देण्यापेक्षा कुणी काय शिकलं ते सांगा. १० ऑक्टोबरला डॉ. द्वारकानाथ कोटणीसांची जयंती. १९१० साली ते आपल्या सोलापुरात जन्मले. १९३८ साली पाच भारतीय डॉक्टरांच्या पथकातून चीनला गेले, युद्धातल्या जखमींवर उपचार केले आणि डिसेंबर १९४२ मध्ये तिकडंच वारले. हे सगळं पाठ्यपुस्तकासारखं सांगितलं तर मुलं ऐकून विसरतात. त्यातली एक गोष्ट उचला. डॉक्टर झालेला माणूस सत्ताविशी-अठ्ठाविशीत चिनी भाषा शिकला. पेशंटला कुठं दुखतंय ते कळायला दुसरा इलाज नव्हता. शाळेत मराठी, घरी तेलुगू, गल्लीत हिंदी असं रोज करणाऱ्या तुमच्या मुलांना यातलं मर्म मोठ्या माणसांपेक्षा लवकर कळेल. भैय्या चौकातलं त्यांचं स्मारक फार लांब नाही, एका शनिवारी घेऊन जा.

शिक्षकांसाठीही काही वाक्यं सांगा, असं तुम्ही शेवटी जाता जाता लिहिलंय. यात मी फार रमत नाही. ‘शिक्षक हा समाजाचा दीपस्तंभ’ वगैरे ५ सप्टेंबरला ऐकून घ्यावं आणि ६ ला वर्गावर जावं. आपल्याच जिल्ह्यातल्या परितेवाडीचे रणजितसिंह डिसले यांना २०२० साली १० लाख डॉलरचा ग्लोबल टीचर प्राइझ मिळाला आणि त्यातली निम्मी रक्कम त्यांनी अंतिम फेरीतल्या बाकीच्या शिक्षकांना वाटून दिली. त्याबद्दल कुणी काय वाक्य लिहिलं यापेक्षा जिल्हा परिषदेच्या शाळेतल्या शिक्षकानं पाठ्यपुस्तकात क्यूआर कोड आणायचा ध्यास घेतला, ते काम बघा. तुमच्यासाठी मी एकच सवय सांगेन. टाचणवहीत, म्हणजे पाठाच्या तयारीच्या वहीत, रोज शेवटी एक ओळ लिहा : आज कुणाला काय नवं जमलं. मुलाचं नाव आणि ती गोष्ट. ज्या मुलाचं नाव महिनाभर त्या वहीत आलेलं नसेल, त्याच्याजवळ उद्या बसायचं.

राहिला मुख्याध्यापकांचा प्रश्न. त्यांना सरळ नाही म्हणू नका, पहिलंच वर्ष आहे तुमचं. असं मांडा : फळ्याची भिंत मोकळी. दाराशेजारच्या भिंतीवर मुलांच्या खांद्याच्या उंचीला, फळ्याला देतात त्या काळ्या रंगाचा दोन बाय तीन फुटांचा चौकोन. त्यात आठवड्याचं वाक्य, खडूनं, सोमवारी. तुम्ही अर्थ सांगायचा नाही. आठवडाभरात ज्याला ते कुठं लागू पडलं तो परिपाठात उभा राहून सांगेल. शनिवारी मुलंच ठरवतील, वाक्य ठेवायचं की पुसायचं. बहुतेक पुसतात, आणि पुसताना त्यांना मजा येते. राहिलेली वाक्यं वहीच्या कागदावर लिहून मागच्या भिंतीला दोरीवर चिमट्यांनी लावायची. कायमचं ऑइल पेंटनं फक्त तुकोबा-वेमना आणि कन्नड म्हण, तीन लिप्यांत. वर्षाअखेरीस दोरीवर पंचवीस-तीस वाक्यं जमतात, म्हणजे साहेबांचा पन्नासाचा आग्रहही निम्मा पुरा होतो. केंद्रप्रमुख आले की मुलांना त्यांच्यासमोर बोलू द्या, कुठलं वाक्य कुणी आणलं ते. शाळा अनुदानातून पेंटरचे पैसे वाचतात हेही हळूच सांगा. बऱ्याच वेळा याच मुद्द्यावर होकार मिळतो.

सुरुवात दिवाळीनंतरच्या पहिल्या सोमवारी करा. पहिलं वाक्य शोधत बसू नका. सुट्टीला जातानाच मुलांना तो घरचा प्रश्न देऊन ठेवा, येताना ती वाक्यं घेऊनच येतील. दोन-चार मुलं ‘विचारायला विसरलो’ म्हणून येतील. त्यांना रागावू नका, मधल्या सुट्टीत पोषण आहार शिजवणाऱ्या मावशींकडं पाठवा. त्या कशा शिकल्या ते त्यांना अजून कुणी विचारलेलं नसतं, आणि त्या भरपूर बोलतात.